कोरियन मंडूला अरबी दह्याची जोड. मिठाचे गणित मात्र सांभाळा!

कोरियातील ‘मंडू’ आणि लेबनॉन-सीरियाकडील ‘शिश बराक’ हे दोन्ही मोमोसारखेच सारण भरलेले पदार्थ. शिश बराक लसूण-पुदिन्याच्या दह्यात शिजतो, मंडू वाफवता येतो. दोघांचा मेळ घालायचा तर टोफू, कोबी आणि थोडी किमची बारीक चिरून घट्ट पिळावी. पाणी राहिले की पारी फाटलीच. ८ ते १० मिनिटे वाफवल्यास तळणीचे तेल टळते.

एवढ्याने पदार्थ ‘हेल्दी’ होत नाही. किमची मुळात खारट, त्यावर सोया सॉस! म्हणून सारणात वेगळे मीठ नको. सॉसऐवजी पुदिना घातलेले दही आणि वर सुमाक, म्हणजे अरबी स्वयंपाकातील आंबट लाल पूड. ती नसल्यास लिंबू पिळावे.