मूकपटातील प्रणयस्पर्धा

एका कन्येसाठी दोन पुरुषांनी परस्परांशी स्पर्धा करावी, हा विषय मूकपटाच्या प्रकृतीला विलक्षण मानवणारा होता. कारण ईर्ष्या, लज्जा आणि आशंका या भावनांना वाणीवाचून केवळ दृष्टीचे व देहाचे साहाय्य पुरते. अमेरिकेत जेम्स क्रूझ यांनी १९२३ साली दिग्दर्शित केलेल्या ‘द कव्हर्ड वॅगन’ या चित्रपटात, पश्चिमेकडे नव्या जमिनीच्या शोधात निघालेल्या गाड्यांच्या तांड्यामध्ये, मॉली विंगेट या तरुणीसाठी विल बॅनियन व सॅम वुडहल हे दोघे झुंजतात, आणि त्या ओसाड मुलखात फिर्याद ऐकणारी कचेरीच नसल्यामुळे त्यांच्या दाव्याचा निकाल अखेर बंदुकीच्या गोळीने लागतो.

याच विषयाचे आपल्याकडील रूप दोन वर्षे आधीच, १९२१ साली, कोल्हापुरात बाबूराव पेंटर यांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या ‘सुरेखाहरणा’त अवतरले होते, आणि मला ते अधिक सखोल वाटते. बलरामाची कन्या सुरेखा ही अभिमन्यूवर अनुरक्त. परंतु पांडवांचे राज्य जाऊन त्यांच्या नशिबी वनवास आल्यावर बलराम तिला दुर्योधनाच्या पुत्राला, लक्ष्मणाला, देण्याची तजवीज करतो. किर्लोस्करांचे ‘सौभद्र’ पाहिलेल्यांना स्मरेल, की याच बलरामाने एके काळी आपली बहीण सुभद्रा दुर्योधनाला देऊ केली होती. आणि अभिमन्यू हा तिचाच पुत्र! म्हणजे येथील खरी स्पर्धा दोन तरुणांची नसून दोन घराण्यांच्या दौलतीची आहे. भीमा-नीरेच्या मधल्या आमच्या इंदापूर तालुक्यात, जेथे एक दुष्काळ घराचा जमीनजुमला आणि त्याबरोबर सोयरिकीतला मानही हिरावून नेई, तेथे हे कोणास समजावून सांगावे लागत नाही.

या पेचाची सोडवणूक घटोत्कच करतो, तीही द्वंद्वयुद्धाने नव्हे. तो स्वतः सुरेखेचे रूप घेऊन लग्नमंडपात उभा राहतो. रंगभूमीवर अशा सोंगाला आवाज सांभाळावा लागतो; मूकपटात मात्र मुद्रा तेवढी साधली, की राक्षसाची नवरी होण्यास प्रत्यवाय उरत नाही. शिवाय कथा सर्वांच्या परिचयाची असल्याने मधल्या मजकुराच्या पाट्या वाचता न येणाऱ्या प्रेक्षकालाही नवरीच्या वेषात कोण आहे हे ठाऊक असे, आणि फसणाऱ्या कौरवांकडे पाहताना त्याचा आनंद द्विगुणित होई. हे सारे कारस्थान पडद्याआडून रचणाऱ्या श्रीकृष्णाची भूमिका विशीतल्या शांताराम वणकुद्रे यांच्याकडे होती. पुढे १९२९ साली ‘प्रभात’च्या संस्थापकांपैकी एक झालेले व्ही. शांताराम ते हेच.