अक्षर न लागणारी डायरी
‘सनी डे रिअल इस्टेट’च्या ध्वनिमुद्रणांचा आढावा

१९९५ च्या नोव्हेंबरात सिअ‍ॅटलच्या ‘सब पॉप’ कंपनीने एक रेकॉर्ड बाजारात आणली. मुखपृष्ठ सबंध गुलाबी. त्यावर चित्र नाही, फोटो नाही. आत गाण्यांचे शब्द छापलेले नाहीत, आणि नीट ऐकल्यावर कळतं की बऱ्याच ठिकाणी छापण्याजोगे शब्दच नाहीत. ज्या बँडची ती रेकॉर्ड, तो ती निघण्याच्या कितीतरी आधी मोडला होता. कंपनीकडून मुखपृष्ठाबद्दल विचारणा झाली तेव्हा गिटारवादक डॅन होर्नर याने फक्त एका रंगाचं नाव सांगितलं, अशी हकीकत सांगतात. रेकॉर्डला धड नावही मिळालं नाही. कुणी तिला ‘एलपी २’ म्हणतं, कुणी ‘गुलाबी अल्बम’.

बँडचं नाव सनी डे रिअल इस्टेट. अमेरिकेतल्या ज्या संगीताला ‘इमो’ म्हणतात, त्याच्या दुसऱ्या पिढीचा हा सगळ्यात महत्त्वाचा बँड, असं मी निःशंकपणे म्हणेन. त्याची ध्वनिमुद्रणं मोजकीच आहेत: स्टुडिओतले चार अल्बम, मैफलींचे दोन आणि काही सुटी गाणी. पण या चार अल्बमांमधून एक गोष्ट स्वच्छ ऐकू येते, आणि इमोबद्दलचा रूढ समज तिच्यापुढे टिकत नाही.

रूढ समज असा, की इमो म्हणजे कबुलीजबाब. प्रेमभंग झालेल्या मुलाने मनातलं सगळं शब्दांत ओतायचं आणि ऐकणाऱ्याने ते आपलंच म्हणून गायचं. २००० नंतर ‘माय केमिकल रोमान्स’, ‘फॉल आउट बॉय’ हे बँड जगभर पोचले, कपाळावर ओढलेल्या काळ्या केसांची फॅशन आली आणि हा समज घट्ट झाला. मुळात हे नाव वॉशिंग्टन शहरातलं. १९८५ च्या सुमारास तिथल्या हार्डकोर पंक बँडांपैकी ‘राइट्स ऑफ स्प्रिंग’, ‘एम्ब्रेस’ यांनी पंकच्या आरड्याओरड्यात व्याकूळपणा आणला, तेव्हा त्यांना हे लेबल चिकटलं. त्यांना ते मुळीच आवडलं नव्हतं. पण त्या काळातही गाभा कबुलीचाच होता: गाणारा स्वतःबद्दल बोलतो.

सनी डे रिअल इस्टेटच्या पहिल्या अल्बमचं नाव ‘डायरी’. खासगी कबुलीचं याहून थेट नाव कुठलं असणार? पण ही डायरी वाचायला घेतली तर अक्षर लागत नाही. वाक्यं अर्ध्यावर सुटतात, संदर्भ कुठेच उलगडत नाहीत. गाण्यांची नावं ‘सेव्हन’, ‘४७’, ‘४८’ अशी, तालमीत ओळखीपुरते टाकलेले आकडे तसेच राहून गेल्यासारखी. असं असूनही हा अल्बम ऐकताना गाणाऱ्याला नेमकं काय झालंय असा प्रश्न पडत नाही. काहीतरी झालंय आणि ते मोठं आहे, एवढं अंगावर येतं आणि तेवढं पुरतं.

हे कसं साधलं, याचं उत्तर बँडच्या घडणीत सापडतं. १९९२ मध्ये सिअ‍ॅटलला हे तिघेच होते: गिटारवर आणि गायला होर्नर, बासवर नेट मेंडेल, ड्रम्सवर विल्यम गोल्डस्मिथ. त्यांनी स्वतःच्या खर्चाने एक छोटी रेकॉर्ड काढली. मग मेंडेल दुसऱ्या एका बँडबरोबर दौऱ्यावर गेला, आणि गोल्डस्मिथचा शाळेपासूनचा मित्र जेरेमी एनिक वाजवायला येऊ लागला. त्याचं गाणं कानावर पडल्यावर होर्नरने मुख्य गायकाची जागा त्याला दिली. स्वतः गाणारा माणूस आपणहून बाजूला होतो, हे बँडांच्या दुनियेत क्वचित घडतं. या औदार्यातूनच पुढचं सगळं उगवलं. होर्नर गायचा थांबला नाही, तो एनिकच्या मागे उभा राहून गाऊ लागला. एनिकचा पातळ, उंच, कधी फाटणारा आवाज वर चढतो आणि खालून होर्नरची खरखरीत हाक त्याला भिडते. दोघे कित्येकदा वेगवेगळ्या ओळी एकाच वेळी गातात. त्यात शब्द कळेनासे होतात, पण ताण दुप्पट होतो.

‘डायरी’ शिकागोच्या आयडफुल स्टुडिओत ब्रॅड वुड याच्या देखरेखीखाली मुद्रित झाला. वुडने नुकताच लिझ फेअरचा ‘एक्झाइल इन गायव्हिल’ केला होता. अल्बम आला १० मे १९९४ ला. त्याच्या पाचच आठवडे आधी, ५ एप्रिलला, सिअ‍ॅटलमध्ये ‘निर्वाणा’चा गायक कर्ट कोबेन गेला होता. ज्या सब पॉपने १९८९ मध्ये ‘निर्वाणा’चा पहिला अल्बम काढला, त्याच कंपनीने त्याच शहरातून हा अल्बम काढला. ‘निर्वाणा’च्या त्या ‘ग्रंज’ रॉकचा आवाज त्यात आहे, गिटारी तितक्याच जाड आहेत. फरक वृत्तीत आहे. ग्रंजमध्ये गाणारा स्वतःला आत ओढून घेतो, एनिक स्वतःला बाहेर फेकतो.

‘सेव्हन’ने सुरुवात होते. गिटारींचा तुकडा निथळतो आणि गोल्डस्मिथ आत येतो. या अल्बमचा खरा नायक मला तोच वाटतो. साधा ठेका धरून बसणं त्याला ठाऊक नाही. तो गायकाच्या श्वासाबरोबर वाजवतो, ओळ लांबली की फटकारे पसरवतो, आवाज फाटायच्या बेताला आला की त्याच्या आधी अर्धा क्षण कोसळतो. पुढचं ‘इन सर्कल्स’ या बँडचं सगळ्यात ओळखीचं गाणं. संथ, जड आणि एकाच जागी फिरणारं. ‘साँग अबाउट अ‍ॅन एंजल’मध्ये सहा मिनिटं कुजबूज आणि स्फोट आलटून पालटून येतात. ही युक्ती पुढे शेकडो बँडांनी उचलली. बहुतेकांना स्फोट जमला. कुजबूज जमणं अवघड, कारण तिथे लपायला आवाजाची भिंत नसते. शेवटाकडे ‘ग्रेंडेल’ आणि ‘सम्टाइम्स’ इतकी सावकाश चालतात की घाईत ऐकणारा कंटाळतो. मधल्या ‘फ्यूर्टन स्क्यूर्टो’ या पियानोवरच्या छोट्या तुकड्याला मी आजही फारसं महत्त्व देत नाही.

प्रसिद्धीच्या बाबतीत हे चौघे विलक्षण हट्टी होते. सुरुवातीच्या काळात त्यांनी एकच प्रचाराचा फोटो दिला, मुलाखती जवळपास दिल्या नाहीत आणि कॅलिफोर्नियात वाजवायला नकार दिला. रेडिओ आणि टीव्ही सिअ‍ॅटलच्या प्रत्येक पोराच्या मागे लागले होते त्या दिवसांतली ही गोष्ट. १९९४ च्या अखेरीस एनिक ख्रिस्ती श्रद्धेकडे ओढला गेला. बँड मोडला तो त्यामुळेच, असं सोपं कारण दिलं जातं. इतर ताणही होते. ते फुटले, पण हातातलं ध्वनिमुद्रण पूर्ण केलं आणि मगच वेगळे झाले.

म्हणून ‘एलपी २’ शब्दांच्या बाबतीत अर्धवट आहे, आणि मला तो ‘डायरी’पेक्षा धाडसी वाटतो. गाण्यांची नावं बघा: ‘५/४’, ‘८’, ‘वॉफल’, ‘जे’नुह’, ‘इस्काराबेड’. शब्द लिहून पूर्ण करायला वेळ नव्हता आणि मनही नव्हतं, म्हणून एनिक बऱ्याच जागी नुसते आवाज काढत गातो. आपल्याकडे तराण्यात निरर्थक अक्षरांवर सगळा डोलारा उभा राहतो आणि शब्दाचा अर्थ काय, असं कुणी विचारत नाही. हा अल्बम मी तसाच ऐकतो. ‘थिओ बी’ आणि ‘रेड एलिफंट’ या पाठोपाठच्या गाण्यांत आवाज वर जाताना जे घडतं, त्याला शब्द जोडले असते तर ते लहान झालं असतं. मुद्रण ‘डायरी’पेक्षा कोरडं आणि जवळचं आहे, ड्रम्स खोलीतच वाजल्यासारखे येतात. ‘८’ मात्र जुनं गाणं, १९९३ च्या छोट्या रेकॉर्डवरचं. नव्याने मुद्रित होऊन ते १९९५ च्या ‘बॅटमन फॉरएव्हर’ चित्रपटाच्या अल्बमवर यू-टू आणि सील यांच्या सोबतीला जाऊन बसलं. लाखो घरांत गेलेल्या त्या अल्बममुळे कितीकांनी या बँडला पहिल्यांदा ऐकलं असेल, आणि तोवर बँड उरलाच नव्हता.

मेंडेल आणि गोल्डस्मिथ डेव्ह ग्रोलच्या नव्या ‘फू फायटर्स’मध्ये गेले. मेंडेल आजही तिथेच आहे. गोल्डस्मिथचं तिथे वाईट झालं. १९९७ च्या ‘द कलर अँड द शेप’साठी त्याने वाजवलेले बहुतेक ड्रम्स ग्रोलने स्वतः पुन्हा वाजवून घेतले आणि गोल्डस्मिथ बाहेर पडला. ‘डायरी’वर त्याने काय केलंय हे ज्यांच्या कानात आहे, त्यांना ती गोष्ट आजही लागते. एनिकने १९९६ मध्ये ‘रिटर्न ऑफ द फ्रॉग क्वीन’ हा एकट्याचा अल्बम केला, तोही वाद्यवृंद घेऊन. त्यातली व्हायोलिनं, चेलो आणि परीकथेसारखी हवा पुढच्या वळणाची सूचना होती.

हे वळण १९९८ मध्ये आलं. सब पॉपला जुन्या, अप्रकाशित गाण्यांचा एक अल्बम हवा होता. त्या निमित्ताने एनिक आणि होर्नर पुन्हा बसले, आणि नवीच गाणी सुचू लागली. गोल्डस्मिथ परतला. मेंडेलने फू फायटर्स निवडला, म्हणून बासवर जेफ पामर आला. ग्रेग विल्यमसनने मुद्रित केलेला ‘हाउ इट फील्स टू बी समथिंग ऑन’ हा या बँडचा सगळ्यात परिपक्व अल्बम. इथे गिटारी भिंत उभी करत नाहीत, विणतात. ‘पिलर्स’मध्ये आवाज सुरुवातीपासून उंचावर असतो आणि खाली यायला तयार नसतो. ‘रोझेस इन वॉटर’ आणि ‘द प्रॉफेट’मध्ये पौर्वात्य वळणाच्या सुरावटी येतात. ‘एव्हरी शायनिंग टाइम यू अराइव्ह’ इतकं साधं आणि उजळ आहे की ‘ग्रेंडेल’ करणारी हीच माणसं का, असं वाटावं. शब्दही आता पूर्ण आहेत, श्रद्धेशी झटापट करणारे. तरी गाण्याचं वजन शब्दांवर पडत नाही, आवाजावरच राहतं.

त्यानंतर एक मैफलीचा अल्बम आला, १९९९ चा ‘लाइव्ह’. तो नसता तरी चाललं असतं. २००० चा ‘द रायझिंग टाइड’ ‘टाइम बॉम्ब’ या दुसऱ्या कंपनीने काढला, निर्माता लू जॉर्डानो. बास इथे एनिकनेच वाजवला. भव्य, चकचकीत, की-बोर्ड्सनी भरलेला आणि प्रोग्रेसिव्ह रॉककडे झुकलेला हा अल्बम. जुन्या चाहत्यांनी त्याला नाकं मुरडली, आणि त्यांचं काही अंशी खरं होतं. ‘वन’ आणि ‘किल्ड बाय अ‍ॅन एंजल’ ताकदीची गाणी आहेत, पण चकाकीखाली गोल्डस्मिथचा श्वास दबला. २००१ मध्ये बँड दुसऱ्यांदा मोडला. मग एनिक, मेंडेल आणि गोल्डस्मिथ यांनी २००३ मध्ये ‘द फायर थेफ्ट’ या नावाने एक अल्बम केला. होर्नर त्यात नव्हता, आणि त्या हाकेची उणीव मला पहिल्या गाण्यापासून जाणवते.

२००९ मध्ये मूळ चौघे एकत्र आले. पहिले दोन अल्बम नव्याने निघाले, दौरा झाला, नव्या अल्बमचं काम सुरूही झालं आणि सोडून दिलं गेलं. त्यातून २०१४ च्या रेकॉर्ड स्टोअर डेला ‘लिप्टन विच’ हे एकच गाणं बाहेर आलं, तेही ‘सर्का सर्व्हाइव्ह’ या बँडबरोबर वाटून घेतलेल्या छोट्या रेकॉर्डवर. गाणं चांगलं आहे, म्हणूनच बाकीच्यांचं वाईट वाटतं.

२०२२ पासून बँड पुन्हा फिरतो आहे, मेंडेलशिवाय. ‘डायरी’ला ३० वर्षं झाली तेव्हा, २०२४ मध्ये, त्यांनी तो अल्बम सिअ‍ॅटलच्या लंडन ब्रिज स्टुडिओत सलग वाजवून मुद्रित केला. ‘पर्ल जॅम’ने ‘टेन’ केला तोच स्टुडिओ. एनिकचा आवाज आता जाडसर झाला आहे. विशीच्या उंबरठ्यावर तो जिथे विचार न करता उडी मारायचा, तिथे आता पायऱ्या चढून जातो, आणि ‘साँग अबाउट अ‍ॅन एंजल’ त्याने उणं पडत नाही. त्याच वर्षी ‘नोव्हम व्हेटस’ हे लांब, हळूहळू उलगडणारं गाणंही आलं. त्याची सुरुवात ‘हाउ इट फील्स’च्या दिवसांतली आणि शेवट पाव शतकानंतरचा. त्यात होर्नरचा आवाज पुन्हा एनिकच्या मागे उभा आहे.