केसपेपरवर नुसते 'भाजले' नको

कढईतले तेल उडाले तरी आपण 'भाजले' म्हणतो आणि संडास धुण्याचे अ‍ॅसिड हातावर सांडले तरी 'भाजले'च म्हणतो. बोलण्यापुरते ते ठीक आहे. पण तोच एक शब्द केसपेपरवर चढला, की पुढे रुग्णाला तो महागात पडू शकतो.

डिस्चार्ज कार्डावर निदानापुढे कधी कधी एक अक्षर आणि दोन-तीन आकडे असतात. तो डॉक्टरांचा फोन नंबर नव्हे! जागतिक आरोग्य संघटनेने जगातल्या सगळ्या आजारांना आणि इजांना क्रमांक दिले आहेत, त्यांतला तो एक. १८९३ साली बर्तियाँ यांनी केलेल्या मृत्युकारणांच्या यादीतून हे वर्गीकरण वाढत आले. त्याची अकरावी आवृत्ती १ जानेवारी २०२२ पासून लागू झाली असली, तरी आपल्याकडच्या कागदांवर मला अजून दहावीचेच क्रमांक दिसतात.

या वर्गीकरणात उष्णतेने भाजणे वेगळे आणि रसायनाने जळणे वेगळे. ज्वाळेने बुबुळ भाजले तर टी २६.१, चुन्याने जळले तर टी २६.६. गुडघ्याची कातडी पूर्ण खोलीपर्यंत गेली, तर आगीसाठी टी २४.३ आणि रसायनासाठी टी २४.७. त्याच्या जोडीला इजा कशी झाली याचा क्रमांक असतो. अपघाताने अ‍ॅसिड अंगावर पडले तर एक्स ४९, कोणी मुद्दाम फेकले तर एक्स ८६. हे क्रमांक घालणारा रेकॉर्ड विभागात बसलेला असतो. त्याने रुग्ण पाहिलेला नसतो, त्याच्यापुढे फक्त कागद असतो.

माझ्याकडे येणाऱ्या एका गवंड्याचे उदाहरण सांगतो. दिवसभर ओल्या सिमेंटात गुडघे टेकून त्याने कोबा केला. सिमेंट अल्कलीयुक्त असते आणि लगेच आग होतेच असे नाही. रात्री गुडघे चुरचुरू लागले, सकाळी कातडी काळी पडली. शहरातल्या एका रुग्णालयाने लिहिले, 'भाजल्याच्या जखमा, दोन्ही गुडघे'. झाले! नुकसानभरपाईची वेळ आली तेव्हा कंत्राटदार म्हणू लागला, घरी शेकोटीत भाजला असेल. कातडी बसवणाऱ्या सर्जनांनी 'ओल्या सिमेंटमुळे' असे दोन शब्द लिहून ठेवले होते, त्यावर ते प्रकरण निभावले. मात्र त्यात सात महिने गेले.

आपल्या भागात मला सर्वांत जास्त भीती वाटते ती चुन्याची. आजोबांच्या बंडीतली चुन्याची पुडी नातू दाबतो आणि पिचकारी थेट डोळ्यात जाते. लोकांना अ‍ॅसिडचा धाक असतो, चुन्याचा नसतो. खरे तर अ‍ॅसिडने वरचा थर गोठून बऱ्याचदा पुढे अडसर तयार होतो. चुना मात्र पेशी विरघळवत आत शिरत राहतो. म्हणून रिक्षा शोधण्याआधी पाणी शोधा. पापण्या उघड्या धरून साध्या स्वच्छ पाण्याने निदान अर्धा तास डोळा धुवा. चुन्याचे कण दिसले तर ओल्या कापसाने हलकेच काढा आणि मग डोळ्यांच्या डॉक्टरांकडे जा. अंगावर कोरडा चुना पडला असेल तर आधी झटकून टाका, मग भरपूर पाणी ओता. अ‍ॅसिडवर सोडा, चुन्यावर लिंबू असले प्रयोग नकोत. टूथपेस्ट आणि शाई तर नकोच.

दवाखान्यात येताना बाटली किंवा पुडी बरोबर आणा. नाव नसेल तर कुठल्या दुकानातून घेतली ते सांगा. 'अ‍ॅसिड' म्हणजे बॅटरीतले, सोनाराकडचे की फरशीचे, यानेही फरक पडतो. किती वाजता घडले, पाण्याने किती वेळ धुतले, काम करताना घडले की घरी, हे डॉक्टरांनी विचारले नाही तरी सांगा.

आता नाजूक मुद्दा. एखादी सून चेहरा आणि मान जळालेल्या अवस्थेत येते, नवरा शेजारी उभा असतो आणि ती म्हणते, "संडास धुताना उडाले." कागदावर एक्स ४९ चढतो. अशा वेळी घरच्यांना बाहेर बसवून तिला एकटीला विचारावे, असे माझे ठाम मत आहे. ती सांगेल ते तिच्या शब्दांत लिहावे आणि जखमेचे ओघळ कुठून कुठे गेले तेही लिहावे. अ‍ॅसिड फेकण्यासाठी २०१३ मध्ये वेगळे कलम आले. १ जुलै २०२४ पासून ते भारतीय न्याय संहितेत कलम १२४ आहे, किमान शिक्षा दहा वर्षे. अशा रुग्णाला खासगी रुग्णालयानेही प्रथमोपचार आणि उपचार मोफत द्यायचे असतात. राज्याची मनोधैर्य योजना आहे, २०१६ च्या कायद्याने अपंगत्वाच्या सवलतीही आहेत. या सगळ्यासाठी पहिला केसपेपर मागितला जातो.

डिस्चार्ज घेताना कार्ड तिथेच वाचून घ्या, वाचता येत नसेल तर कोणाकडून वाचवून घ्या. कशाने जळले ते लिहिलेले नसेल तर त्याच डॉक्टरांना सांगा. ते वेगळी नोंद करून तारखेसह सही करतील. जुन्या ओळीवर गिरवून घेऊ नका, खाडाखोड दिसली की विमा कंपनी कागद परत पाठवते.