राखणारेही तेच, सांगणारेही तेच

माहितीपटात बोलणारा माणूस सापडतो एकीकडे आणि जुनी चित्रफीत दुसरीकडे. दिग्दर्शक दोन्ही आणतो आणि संकलनात सांधतो. शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांच्या ‘सेल्युलॉइड मॅन’ (२०१२) या माहितीपटात पडद्यावर पी. के. नायर बोलतात, आणि त्यांच्या बोलण्याला जोडून येणाऱ्या कित्येक फिती आज शिल्लक आहेत त्या त्यांनीच गोळा केल्या म्हणून.

पुण्याचे राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४मध्ये सुरू झाले. ते उभे करण्यात नायर यांचे आयुष्य गेले. काळ कठीण होता. मूकपटांच्या काळातली नायट्रेट फीत भडकन पेटायची, नाही पेटली तर डब्यातच चिकट होऊन सडायची. शिवाय फितीत चांदी असते. धंदा संपलेल्या चित्रपटाची रिळे त्या चांदीसाठी धुतली जात. अशा वेळी नायर माणसे गाठत, घरांतले जुने डबे उघडायला लावत. फाळके कुटुंबीयांकडून त्यांनी मिळवलेल्या ‘कालिया मर्दन’मध्ये (१९१९) दादासाहेबांची लहानगी मंदाकिनी आधी निव्वळ चेहऱ्यावरचे भाव करून दाखवते आणि मग कृष्ण होते. शंभरी उलटलेला तो मिश्कील चेहरा अजून हलताना दिसतो, हे मला या साऱ्या खटपटीचे सर्वांत मोठे फळ वाटते.

सगळेच हाती लागले नाही. ‘आलम आरा’चे (१९३१) दिग्दर्शक आर्देशिर इराणी यांना नायर भेटले, तरी तो चित्रपट मिळाला नाही. आपल्या पहिल्या बोलपटाची आज केवळ स्थिरचित्रे उरली आहेत. हे नुकसान नायर यांच्याच तोंडून ऐकताना फार लागते, कारण शोध घेणारा माणूसच समोर बसलेला असतो.

नसीरुद्दीन शाह, जया बच्चन असे पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटचे जुने विद्यार्थीही माहितीपटात बोलतात. मला मात्र कर्नाटकातल्या हेग्गोडूचा भाग अधिक मोलाचा वाटतो. जगातले उत्तम चित्रपट नायर यांनी त्या खेड्यापर्यंत पोहोचवले होते. फीत कपाटात जपली एवढ्याने त्यांचे समाधान होत नसे. ती लोकांनी पाहिली पाहिजे, हा त्यांचा आग्रह होता.

नायर १९९१मध्ये निवृत्त झाले, २०१६मध्ये पुण्यात वारले. त्याआधी, २०१४मध्ये, डुंगरपूर यांनी मुंबईत फिल्म हेरिटेज फाउंडेशन स्थापन केले. जुन्या फिती शोधून दुरुस्त करण्याचे काम तिथे चालू आहे.