खाडा का पडतो?

– ऊस विकास अधिकारी, शेतकी खाते





गळीत हंगाम भरात आला की शेतकी खात्यात दिवसभर एकच तक्रार ऐकू येते. "साहेब, टोळीत दहा कोयते सांगितले होते, फडात सातच आलेत. बाकीच्यांनी दांडी मारली." तक्रार खोटी नसते. पण ही दांडी का पडली याची चौकशी आपण क्वचितच करतो. म्हणून या अंकात त्याविषयी चार शब्द.

एका खाड्याची किंमत

नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक कोयता. एक कोयता दिवसाला साधारण दीड ते दोन टन ऊस तोडतो, मोळ्या बांधतो आणि गाडीही भरतो. दहापैकी तीन कोयते आले नाहीत तर पाच-सहा टनांची तूट पडते. ट्रॉली अपुरी राहते, रात्रभर फडातच उभी राहते आणि तुटलेला ऊस तिच्यात वाळत पडतो. काट्यावरची रांग त्यानंतरची.

ऊस तुटला की त्यातले पाणी उडू लागते, वजन घटते. त्याच वेळी साखरेचे विघटन होऊन ग्लुकोज व फ्रुक्टोज तयार होते. त्याची दाणेदार साखर होत नाही, ते मळीत जाते. तुटलेला ऊस २४ तासांच्या आत गाळला जावा असे आम्ही सांगतो ते यासाठीच. वजनाचा तोटा त्या एका सभासदाचा. उताऱ्याचा तोटा मात्र सगळ्यांचा, कारण एफआरपीचा हिशेब उताऱ्यावरच होतो.

फडातला एक प्रसंग

काही हंगामांपूर्वीची गोष्ट. त्या आठवड्यात गव्हाणीला ऊस कमी पडत होता. मी सकाळीच मुकादमाला बजावले, "आज एकही खाडा चालणार नाही." फडात फिरताना एक बाई बांधावर पोट धरून बसलेली दिसली. अंगात ताप होता. मी म्हटले, "ताई, आज कोपीवर का नाही थांबलात?" ती म्हणाली, "सायेब, मी थांबले तर खाडा दोघांचा पडतो. उचल फिटायची कशी?"

दुपारी गाडी भरताना डोक्यावरच्या मोळीसकट ती फळीवरून खाली पडली. पायाला मार लागला. नवरा तिला घेऊन दवाखान्यात गेला आणि तो कोयता पुढे आठ दिवस बंद राहिला. एक दिवसाची विश्रांती दिली नाही म्हणून आठ दिवस गेले. सकाळचा माझा हुकूम मला अजून आठवतो. तेव्हापासून कोण आले नाही हे विचारण्याआधी का आले नाही हे मी विचारू लागलो.

कोपीवर काय कळते

पहिले कारण आजारपण. पहाटे उठायचे, दिवसभर तोडायचे आणि गाडी रात्री आली तर रात्री भरायची. असे चार दिवस झाले की पाचव्या दिवशी शरीर चालत नाही. बायकांचे हाल जास्त. पाळी असो, पोटुशी असो, मोळी डोक्यावर घ्यावीच लागते. बीड जिल्ह्यातील ऊसतोड महिलांची २०१९ मध्ये शासनाच्या समितीमार्फत पाहणी झाली. ८२ हजारांवर महिलांपैकी १३ हजारांवर महिलांची गर्भाशये काढलेली आढळली. पाळीच्या त्रासाने खाडा पडू नये, दंड बसू नये, हेही त्यामागचे एक कारण म्हणून पुढे आले. आपल्या फडात येणाऱ्या टोळ्यांपैकी कितीतरी त्याच भागातल्या असतात, हे विसरून चालणार नाही.

दुसरे कारण लेकरे. कोपीवर तान्हे मूल तापाने फणफणले तर आई फडात कशी येणार? तिसरे गावाकडचे: मयत, लग्न, निवडणूक. बाजाराच्या दिवशी दारूपायी पडणारे खाडेही आहेत, ते मी नाकारत नाही. पण सगळ्यांनाच त्या मापाने मोजणे बरोबर नाही.

दंड लावून खाडे थांबतील असे काहींना वाटते. काही ठिकाणी एका खाड्याला ५०० रुपयांपर्यंत दंड धरतात. तो उचलीत चढतो, कर्ज वाढते आणि मग टोळी एका रात्रीत निघून जाते. मग तोडणीचा कार्यक्रमच कोलमडतो.

सभासदांनी काय करावे?

१) फडात पिण्याचे स्वच्छ पाणी भरून ठेवावे. ओढ्याचे पाणी पिऊन टोळी आजारी पडते.

२) कोपीसाठी कोरडी जागा, जमल्यास एक दिवा आणि बायकांसाठी आडोसा द्यावा.

३) तोड येण्याआधी गाडीवाट नीट करावी. ट्रॅक्टर रुतला की भरणी रात्रीवर जाते आणि दुसऱ्या दिवशी खाडे पडतात.

४) सकाळी किती कोयते आले ते मोजून चिटबॉयला फोन करावा. जेवढे कोयते हजर, तेवढाच ऊस आडवा करावा. उभा ऊस एक दिवस थांबतो, तुटलेला थांबत नाही.

५) टोळी आल्याचे गावच्या आशाताईंना व अंगणवाडीत कळवावे. औषधपाणी, मुलांचे लसीकरण व गरोदर बायकांची तपासणी तिथे होऊ शकते.

६) आजारी माणसाला दंड लावा, असे मुकादमाला सांगू नये.

आमच्याकडूनही एक बदल केला आहे. टोळीच्या हजेरीवहीत 'कारण' असा एक रकाना वाढवला आहे. तो भरताना आमच्या चिटबॉयला खरी माहिती द्यावी. एकाच फडातून तापाचे चार खाडे आले तर तिथे आधी पाण्याची तपासणी करायची, हे आम्हाला त्यावरूनच कळेल.

आपल्या उसात टोळी उतरेल त्या दिवशी संध्याकाळी एकदा कोपीवर जाऊन या. काय हवे-नको ते विचारा. फार खर्चाचे काही निघत नाही, असा माझा अनुभव आहे.