माळ उपाशी नाही

मृगाचा पाऊस झाला की बारामती-इंदापूरकडच्या मोबाइलवर एक निरोप फिरू लागतो. रविवारी सकाळी अमुक माळावर जमा, रोपं तयार आहेत, खड्डे जेसीबीनं काढून ठेवलेत. खाली कारणही दिलेलं असतं: ओसाड माळावर हरणांना खायला काही नाही म्हणून ती पिकात घुसतात, तेव्हा झाडं लावू आणि मुकी जनावरं जगवू. हेतूबद्दल तक्रार नाही. पण या एका वाक्यात इतक्या चुका कोंबल्या आहेत की दरवर्षी त्या वाचताना डोकं धरावं लागतं.

इथलं हरीण म्हणजे चिंकारा. बारामती तालुक्यात सुप्याजवळ मयूरेश्वर अभयारण्य आहे. ते १९९७ साली जाहीर झालं आणि क्षेत्र अवघं ५.१४ चौरस किलोमीटर, म्हणजे राज्यातल्या सर्वांत लहान अभयारण्यांपैकी एक. ते ज्याच्यासाठी राखलं तो चिंकारा तिथे टिकला, कारण तिथे माळ टिकला. वीस-पंचवीस किलोचं हे जनावर बोरीचा पाला खातं, बोरं खातं, हिवर-बाभळीच्या शेंगा खातं, कोवळं गवत आणि जमिनीलगतचे वेल खुडतं. उन्हाळ्यात गवत पिवळं पडलं की आपल्याला माळ मेल्यासारखा दिसतो. बाभळीच्या शेंगा नेमक्या तेव्हाच पिकून खाली पडत असतात.

मग पिकात का येतो? कारण आपण शेत माळाला भिडवलं आहे, आणि कोवळा हरभरा समोर असताना बोरीच्या काट्यांत तोंड कोण घालेल? त्याला उपासमार म्हणत नाहीत. नासधूस खरी आहे, भरपाईचा हक्कही खरा आहे, पण माळावर आंबा-चिकू लावून ती थांबणार नाही.

पाण्याचंही तसंच. टँकरनं पाणवठा भरतानाचे फोटो दर मे महिन्यात येतात. पाणी मिळालं तर चिंकारा पितो, यात शंका नाही. पण हाच प्राणी थरच्या वाळवंटातही राहतो आणि पाला, फळं, दव यांतल्या ओलाव्यावर दीर्घकाळ काढतो. पाणवठा भरू नका असं म्हणणं नाही. तो भरला नाही तर कळप संपेल, ही समजूत चुकीची आहे एवढंच.

माळावर जेवणारे आणखी पुष्कळ आहेत. खोकड उंदीर, नाकतोडे, भुंगेरे, वाळवी खातं आणि हंगामात पोटभर बोरंही खातं. त्याची बिळं उघड्या, सपाट जमिनीत असतात. लांडगा आपल्या भागात मुख्यतः शेळ्यामेंढ्यांवर जगतो, आणि धनगरांइतकं हे कुणालाच ठाऊक नाही. गुजरातेत वेळावदरला काळवीट मुबलक आहेत, तिथला लांडगा काळवीट मारतो. इथे त्याच्यासमोर वाडगं आहे. शिवाय पोल्ट्रीतल्या मेलेल्या कोंबड्या ओढ्यात फेकण्याची सोय आपणच करून ठेवली आहे. तिथे लांडगा, तरस आणि मोकाट कुत्री एकाच ढिगावर येतात आणि कुत्र्यांचे रोग रानात जातात. नुसते रोगच नव्हेत. पुण्याजवळच्या माळावरचा एक प्राणी लांडगा आणि कुत्रा यांचा संकर असल्याचं जनुकीय तपासणीतून २०२३ मध्ये प्रसिद्ध झालं. माळावरच्या प्राण्यांची काळजी वाहायची तर सुरुवात या ढिगापासून करता येईल.

एवढं सांगितलं की ठेवणीतला मुद्दा निघतो: "अहो, पूर्वी इथे घनदाट जंगल होतं. तोडून तोडून माळ झाला." सह्याद्रीपासून पूर्वेला येऊ तसा पाऊस कमी होत जातो, आणि सुपे, शिर्सुफळ, कडबनवाडी हा जिरायत पट्टा पर्जन्यछायेत येतो. इथे पाचशे मिलिमीटरच्या आसपास पावसात दाट जंगलाची अपेक्षा कोण करतं? ज्यांना पावसाच्या आकड्यांवर विश्वास नाही त्यांच्यासाठी दुसरा पुरावा आहे. आशिष नेर्लेकर आणि दिग्विजय पाटील यांनी २०२५ मध्ये 'पीपल अँड नेचर' या नियतकालिकात एक अभ्यास प्रसिद्ध केला. तेराव्या शतकातल्या लीळाचरित्रापासून अलीकडच्या ओव्यांपर्यंतचं मराठी वाङ्मय त्यांनी वनस्पतींच्या नावांसाठी चाळलं. पश्चिम महाराष्ट्राच्या या भागाबद्दल जी रानटी झाडंझुडपं त्यात आली आहेत, त्यांतली निम्म्याहून अधिक उघड्या, गवताळ रानातली निघाली. म्हणजे चक्रधरांच्या काळातही इथे माळच होता. इंग्रजांना आणि शेळ्यांना इतर बऱ्याच गोष्टींसाठी दोष देता येईल, यासाठी नको.

दोष कागदाचाही आहे. सरकारच्या पडीक जमिनींच्या नकाशासंग्रहात झुडपी रान आणि कुरणं पडीक म्हणूनच मोजली जातात. पडीक म्हटलं की ती 'सुधारायची' आलीच. मग चर खोदायचे, त्यात खोकडाची बिळं गेली तरी चालतील, आणि चरांवर गिरिपुष्प, सुबाभूळ, निलगिरी लावायची. गिरिपुष्पाच्या बिया आणि साल उंदीर मारायला वापरतात. उंदरांवर जगणाऱ्या प्राण्याच्या दारात आपण ते मोठ्या प्रेमानं लावतो. दाट सावलीत पवन्या, मारवेल, कुसळी ही गवतं खुरटतात. चिंकाऱ्याचा बचाव दुरून पाहण्यावर आणि पळण्यावर असतो. झाडीची भिंत उभी राहिली की कुत्र्यांची टोळी जवळ येईपर्यंत त्याला दिसत नाही. धाविक, चंडोल यांच्यासारखे जमिनीवर अंडी घालणारे पक्षी तर जागाच सोडतात. झाडं लावायला बांध आहेत, कालव्याची कड आहे, गावठाण आहे, नीरा डाव्या कालव्याखालचं अख्खं बागायत आहे.

आता किरकोळ गैरसमज. घोरपड किडे, गोगलगायी, खेकडे, उंदीर, अंडी आणि मेलेलं मांस खाते. तिच्या चावण्यानं माणूस मरत नाही, पण तिला मारलं तर वन्यजीव कायद्याच्या पहिल्या अनुसूचीमुळे माणूस तुरुंगात जातो. नशिबासाठी हजारो रुपयांना विकली जाणारी 'हाथा जोडी' ही वनस्पतीची मुळी नसून नर घोरपडीचं वाळवलेलं जननेंद्रिय आहे. देव्हाऱ्यात काय ठेवलंय ते एकदा बघा. सापसुरळी आणि पाल यांच्यात विष नाही. धामण म्हशीच्या पायाला विळखा घालून दूध पीत नाही. सापाला चोखता येईल असे ओठच नसतात, ती गोठ्यात उंदरांसाठी येते. वानर पानं खाणारा प्राणी आहे, त्याच्या जठराला अनेक कप्पे असतात आणि पाला तिथे आंबवून पचतो. बिस्किटांचा पुडा टाकून पुण्य लागत नाही.

बिबटे वनखातं गाडीतून आणून सोडतं, हे तर आता पारावरचं शास्त्र झालं आहे. काटेवाडीच्या आसपास बिबट्या दिसला तेव्हाही तेच ऐकलं. उसात मादी वितेही आणि पिल्लं वाढवतेही, त्यासाठी कुणाच्या गाडीची गरज लागत नाही. अकोले तालुक्यात विद्या अत्रेय यांच्या गटानं बिबट्यांची विष्ठा तपासली तेव्हा आहारात सर्वांत मोठा वाटा कुत्र्यांचा निघाला, वजनाच्या हिशेबानं ३९ टक्के. शेळ्या तिथे कुत्र्यांच्या कितीतरी पट असूनही त्यांचा वाटा ११ टक्केच होता. शेळी रात्री कोंडलेली असते, कुत्रं उकिरड्यावर मोकळं असतं.

राहिले उजनी धरणाकाठच्या भिगवणचे रोहित पक्षी. ते सायबेरियातून येतात असं सांगितलं जातं, काही उत्साही लोक ऑस्ट्रेलियाही म्हणतात. ऑस्ट्रेलियाच्या रानात आज रोहित नाहीतच, आणि भारतातली त्यांची मोठी वीण कच्छच्या रणात होते. हिमालय ओलांडून येतात ते पट्टकादंब, ते वेगळे. रोहित मोठ्या माशांच्या मागे नसतात; उलटी चोच चिखलाळ पाण्यात फिरवून शेवाळ आणि बारीक जीव गाळून खातात, गुलाबी रंगही त्यातूनच येतो. त्यासाठी त्यांना उथळ पाणी लागतं. म्हणून उजनी काठोकाठ भरलेली असते तेव्हा ते लांबतात, आणि पाणी मागे सरून दलदल उघडी पडली की थवे उतरतात.