चंद्राच्या डोळ्यात तोफगोळा

मुलांनो, पौर्णिमेच्या चंद्राकडे तुम्ही कधी टक लावून पाहिले आहे का? त्यावरचे डाग पाहून कोणी म्हणते ससा, कोणी म्हणते हरीण. तुमच्या आजीने कदाचित चरख्यावर सूत कातणाऱ्या म्हातारीची गोष्ट सांगितली असेल. युरोपातील लोकांना मात्र तेथे माणसाचा चेहरा दिसे. हाच चेहरा एका फ्रेंच जादूगाराने पडद्यावर आणला.

त्यांचे नाव जॉर्ज मेलिएस. पॅरिसमध्ये त्यांचे जादूच्या प्रयोगांचे नाट्यगृह होते. १८९५ च्या डिसेंबरात त्यांनी ल्युमिएर बंधूंची हलती चित्रे पाहिली आणि ते या नव्या यंत्राच्या नादी लागले. एकदा रस्त्यावर चित्रण करताना त्यांचा कॅमेरा मध्येच अडकला. तो सुरू होईपर्यंत समोरची वाहने बदलली होती. पडद्यावर पाहतात, तर प्रवासी गाडीची एकदम शवगाडी झालेली! ही हकिकत त्यांनीच सांगितली आहे. थोडी रंगवलेली असेलही. पण कॅमेरा थांबवून वस्तू बदलण्याची ही युक्ती त्यांनी पुढे कितीतरी वेळा वापरली.

१९०२ साली त्यांनी चंद्राच्या सफरीवर सुमारे चौदा मिनिटांचा मूकपट काढला. त्यात काही शास्त्रज्ञ तोफगोळ्यात बसून चंद्रावर जातात आणि गोळा थेट चंद्राच्या डोळ्यात रुततो! त्याआधी चंद्राचा चेहरा मोठा होत होत जवळ येतो. हे कसे साधले? कॅमेरा फार जड होता. म्हणून मेलिएस यांनी नटालाच खुर्चीवर बसवले, गळ्यापर्यंत काळ्या मखमलीने झाकले आणि खुर्ची रुळांवरून कॅमेऱ्याकडे ओढली. काळोखात दिसला तो फक्त चेहरा.

चंद्रावरचे रहिवासी छत्रीचा फटका बसताच धूर होऊन नाहीसे होतात. येथेही तीच कॅमेरा थांबवण्याची युक्ती आहे. शास्त्रज्ञ तर साध्या कपड्यांत चंद्रावर हिंडतात. चंद्रावर श्वास घेण्याजोगी हवा नाही, हे तेव्हाही ठाऊक होते. मेलिएस यांनी तिकडे काणाडोळा केला, आणि बरेच केले!

या चित्रपटाच्या चोरट्या प्रती अमेरिकेत खूप खपल्या. पुढे मेलिएस कर्जबाजारी झाले. १९२३ साली त्यांनी आपल्या चित्रपटांच्या मूळ फिती स्वतःच्या हाताने जाळल्या. नंतर पॅरिसच्या एका रेल्वे स्टेशनात ते खेळणी विकत बसत. १९३८ साली त्यांचे निधन झाले.

विकल्या गेलेल्या काही प्रती मात्र जगात इकडे तिकडे उरल्या होत्या. हाताने रंगवलेली अशीच एक प्रत १९९३ साली स्पेनमधील बार्सिलोना येथे मिळाली. फितीचा अगदी घट्ट गोळा झाला होता. तंत्रज्ञांनी तो हळूहळू उलगडला, आणि २०११ साली तो रंगीत चंद्र लोकांनी पुन्हा पाहिला.